मालिकांचे शीर्षकसंगीत बसवताना या चुका टाळा

गणपती जवळ आले की सिंधुदुर्गातल्या वाडीवाडीत कीबोर्ड बाहेर निघतात आणि दूरदर्शनच्या काळातल्या धुना बसवायला सुरुवात होते. हा उत्साह मला फार मोलाचा वाटतो, परंतु दरवर्षी त्याच चुका कानावर येतात.

सर्वांत मोठी चूक म्हणजे दूरदर्शनची आणि आकाशवाणीची धून एकच समजणे. दूरदर्शनची धून पंडित रविशंकर यांनी शहनाईवादक उस्ताद अली अहमद हुसेन खाँ यांच्या साथीने बांधली. तंबोऱ्यावर व्हायोलिन असलेली आकाशवाणीची धून त्याच्या कितीतरी आधीची, १९३४ साली युरोपातून मुंबईत आलेल्या वॉल्टर कॉफमन यांची आहे. कुडाळजवळच्या एका गणेशोत्सवात निवेदकाने ‘आता दूरदर्शनची धून’ असे जाहीर केले आणि मुलांनी आकाशवाणीची वाजवली, तीही शुद्ध गंधाराने, म्हणजे शुद्ध ‘ग’ स्वराने. पुढे बसलेले एक भजनी बुवा म्हणाले, “बाबांनू, ह्या टीव्हीचा न्हय, रेडिओचा. आणि शिवरंजनीचो भूप कित्याक केलात?” बुवांचे म्हणणे अक्षरशः खरे होते. आकाशवाणीची धून शिवरंजनी रागातली, तिचा गंधार कोमल; तो शुद्ध केला की भूप राग होतो. दोन्ही रागांचे बाकीचे स्वर सारखेच, फरक एकट्या गंधाराचा. कीबोर्डची पांढरी एक ही पट्टी षड्ज (सा) धरली तर कोमल गंधार काळी दोनवर येतो आणि ही मुले बेधडक पांढऱ्या तीनवर बोट ठेवत होती. मोबाइलवरच्या अर्ध्या मिनिटाच्या तुकड्यावरून घाईने धून उचलली की असेच होते. माझ्याकडे येणाऱ्या मुलांना सरगम तोंडाने नीट म्हणता येईपर्यंत मी कीबोर्डला हात लावू देत नाही, मग पालक कितीही कुरकुरले तरी.

‘रामायण’ मालिकेचे संगीत रवींद्र जैन यांचे आणि ‘महाभारत’चे राजकमल यांचे, ही नावे उलटसुलट करू नयेत. ‘मालगुडी डेज’ची धून एल. वैद्यनाथन यांची आहे. ‘भारत एक खोज’मधले वनराज भाटिया यांनी संगीत दिलेले ऋग्वेदातले नासदीय सूक्त समूहस्वरांचे आहे, ते एकट्याने वाजवायला घेऊच नये.

‘आभाळमाया’ मालिकेच्या गीताला गायिका देवकी पंडित यांचे नाव सगळे घेतात, संगीतकार अशोक पत्की आणि गीतकार मंगेश कुलकर्णी मात्र निवेदनात गळतात, आणि हे मला खरोखर अन्यायाचे वाटते. ज्यांची चाल आपण वाजवतो, त्यांचे नाव सर्वांत आधी घ्यावे.

कीबोर्डमधला तयार ताल कृपया बंदच ठेवावा. पखवाज वाजवणारा भजनी हात आपल्या प्रत्येक वाडीत सापडतो, त्याला तालमीला बोलवावे.