गोव्यातल्या जुन्या थिएटरांवर माहितीपट करताना

सुरुवात कॅमेऱ्याने नको, पणजीत पाटोवरच्या कृष्णदास शामा राज्य ग्रंथालयातून करा. 1961 पूर्वीची बरीच वर्तमानपत्रं पोर्तुगीजमध्ये आहेत, मराठी दैनिक 'गोमन्तक' सुरू झालं ते 1962 मध्ये. सिनेमाच्या जाहिरातीचा फोटो काढाल तेव्हा पेपरचं नाव नि तारीख त्याच फ्रेममध्ये हवी. नाहीतर एडिटिंगला बसल्यावर 'आज रात्री' म्हणजे कुठली रात्र, ते कळत नाही.

थिएटरात प्रोजेक्टर चालवणाऱ्या जुन्या ऑपरेटरची मुलाखत त्यांच्या घरीच घ्या. पंखा आणि फ्रिज बंद करा. (गाडीची चावी फ्रिजमध्ये ठेवा, म्हणजे निघताना तो चालू करायचा राहत नाही.) कॉलर माईक हनुवटीखाली वीतभर लावा, रेकॉर्डरचं सेटिंग 48 किलोहर्ट्झ, 24 बिट ठेवा. शेवटी सगळ्यांनी गप्प बसून 30 सेकंद नुसता खोलीचा आवाज घ्यायचा, कट सांधायला तोच लागतो. साल विचारू नका, ते हमखास चुकतं. "तेव्हा कुठला पिक्चर लागला होता?" असं विचारा आणि साल जाहिरातीत शोधा.

रिळाचा डबा उघडताच व्हिनेगरचा वास आला तर अ‍ॅसिटेट फिल्म (एका प्रकारच्या प्लॅस्टिकची) कुजतेय. इथल्या दमट हवेत ते झपाट्याने होतं. ती प्रोजेक्टरवर अजिबात चढवू नका, आक्रसलेल्या फिल्मची कडेची भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांवर फाटतात. आधी स्कॅनिंगवाल्याला दाखवा.