टेप खातो? आधी बेल्ट बघा

माळ्यावरून उतरवलेला टेपरेकॉर्डर बंद असला की लोक थेट 'आयसी (आतली चिप) गेली' म्हणून मोकळे होतात. आयसी सहसा गेलेली नसते, रबर गेलेलं असतं. नागपुरात तर हमखास. मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो, टिनाच्या छपराखाली त्याहून जास्त, आणि अशा उन्हाळ्यांत मोटरची गती चकत्यांना देणारा रबरी बेल्ट सैल पडतो किंवा वितळून डांबरासारखा होतो.

प्लग काढा, सेल काढा, मगच मागचे स्क्रू खोला. नंतर सेल परत घालून प्ले दाबा. मोटरचा आवाज येतो पण कॅसेट फिरवणाऱ्या चकत्या फिरत नाहीत, म्हणजे बेल्ट. आवाजच नसेल तर सेलच्या खणातल्या पत्र्या बघा. साध्या झिंक-कार्बन सेलची गळती आम्लधर्मी असते, ती खायच्या सोड्याच्या पाण्याने पुसायची. अल्कलाइन सेल गळला असेल तर व्हिनेगर. दोन्हींत कापसाची काडी नुसती ओली हवी, टपकती नको. मग पत्री घासून कोरडी करा.

वितळलेला बेल्ट हातमोजे घालूनच काढा, तो काळा चिकटा कपड्यांवरून निघत नाही. पुली आणि फ्लायव्हीलची (जड चाकाची) खाच आयसोप्रोपाइल अल्कोहोलने लख्ख करा. पेट्रोल किंवा थिनर नको, प्लास्टिक खराब होतं.

नव्या बेल्टचं माप जुन्यावरून घेऊ नका, तो ताणलेला असतो. बेल्टच्या वाटेवरून दोरा फिरवा. समजा २४० मिमी भरला. त्यातून ६ टक्के वजा केले की साधारण २२५, त्याला ३.१४ ने भागलं की व्यास ७२ मिमी. जाडी खाचेवरून ठरते, चौकोनी १.२ मिमीचा बऱ्याच मॉडेलांत बसतो. नागपुरात बर्डीवर (सीताबर्डी) मोदी नंबर ३ या गल्लीच्या बाजूला पार्ट्सच्या दुकानांत हेच माप सांगा. घट्ट बेल्ट जास्त टिकेल या भरवशावर लहान घेऊ नका: मोटरवर ताण येतो आणि गाणं लहरत वाजतं.

आता टेप खाण्याचं. प्ले दाबल्यावर रबरी रोलर टेप पुढे ढकलतो आणि उजवी चकती ती गुंडाळून घेते. चकती अडली तर टेप रोलरभोवती गुंडाळली जाते. म्हणून कॅसेट न घालता प्ले दाबून उजव्या चकतीला बोट लावा. हलका पण सलग जोर लागला पाहिजे. नाही लागला तर तिचा छोटा बेल्ट किंवा रबरी चाक घसरतंय. टेप ढकलणारा रोलर काचेसारखा चकाकत असेल तर साबणाच्या पाण्याने पुसून कोरडा करा, कडक झाला असेल तर बदलाच. टेपवरचा आवाज वाचणारं हेड मात्र अल्कोहोलनेच, काडीवर तपकिरी रंग यायचा थांबेपर्यंत.

वेग तपासायला महागडं यंत्र लागत नाही. ४ मिनिटांचं माहीत असलेलं गाणं लावून मोबाइलवर वेळ बघा. ३ मिनिटं ५० सेकंदांत संपलं तर मोटर सुमारे ४ टक्के जोरात पळतेय. पुष्कळ मोटरींच्या मागे बारीक भोक असतं, आत वेग बदलायचा स्क्रू. अगदी केसभर फिरवायचा आणि पुन्हा मोजायचं.

आवाज दबका येतोय? हेडच्या एका बाजूला स्प्रिंगवाला स्क्रू असतो. त्याची मूळ जागा पेनाने खूण करून ठेवा, मग गाणं चालू असताना पाव फेऱ्याच्या आतच इकडेतिकडे करा. झांजा सर्वांत स्वच्छ ऐकू आल्या की थांबून नेलपॉलिशचा थेंब टाका.

पहिली चाचणी मात्र टाकाऊ कॅसेटवर, सी-६० (६० मिनिटांची) असेल तर उत्तम. सी-१२० ची टेप पातळ, ती आधी अडकते. आणि कॅसेटी कूलरच्या झोतात ठेवू नका, ओलाव्याने टेपवर पांढरी बुरशी चढते. तशी कॅसेट चालवली तर नुकतंच पुसलेलं हेड पुन्हा भरतं.