गावच्या जुन्या मिशन शाळेचा इतिहास लिहायचाय? सुरुवात रजिस्टरपासून करा

बेळगाव-खानापूरकडं किंवा निपाणी-चिकोडी भागात ज्या गावात कधीकाळी मिशनवाल्यांनी शाळा काढली होती त्या गावच्या पोरांसाठी हे लिहितोय. कुठं कौलं गेलीत, कुठं भिंती पडल्यात, कुठं आरसीसी बांधकामात जुनी शाळा गडप झालीय, आणि ज्यांना मास्तरांची नावं तोंडपाठ आहेत ती माणसं आता ऐंशी-नव्वदीत पोचलीत. हे काम पुढच्या उन्हाळी सुट्टीवर ढकलू नका, या सुट्टीतच हात घाला.

बहुतेक जण सुरुवात करतात ती भिंतीवरच्या कोनशिलेपासून. तिच्यावर साहेबांचं नाव, देणगीदाराचं नाव, उद्घाटनाची तारीख एवढंच मिळतं, शाळेत शिकलं कोण ते मिळत नाही. ते मिळतं जनरल रजिस्टरमध्ये, म्हणजे दाखल झालेल्या प्रत्येक मुलाची नोंद असलेल्या वहीत, म्हणून पहिला मान त्याला द्या.

रजिस्टर बघायला हेडमास्तरांची आणि एसडीएमसीच्या (शाळेच्या देखरेख समितीच्या) अध्यक्षांची परवानगी घ्या, तोंडी नको, साधा अर्ज लिहा आणि त्याची एक कॉपी सही घेऊन स्वतःकडं ठेवा. शाळा बंद पडली असेल तर ती ज्या शाळेत विलीन झाली तिथं विचारा, नाहीतर बीईओ (तालुक्याचे शिक्षणाधिकारी) ऑफिसात. शाळा अजून चर्चच्या ताब्यात असेल तर पाळकसाहेबांना भेटा, आणि पहिल्याच भेटीत कपाट उघडायला लावू नका, दोनदा नुसतं जाऊन बसा.

आता रजिस्टर वाचायचं कसं. नाव, जात, जन्मगाव, जन्मतारीख, आधीची शाळा, कुठल्या इयत्तेत दाखल, कधी सोडली, का सोडली, शेरा, असे साधारण रकाने असतात. घाईत माणूस नाव आणि तारीख उतरवतो आणि शेवटचे दोन रकाने सोडून देतो, पण सगळा मसाला तिथंच असतो. एकाच महिन्यात ओळीनं पोरांपुढं 'गैरहजर म्हणून नाव कमी' असा शेरा दिसला की थांबा आणि ते वर्ष बघा. १८७६ ते १८७८ चा दुष्काळ आहे का, १८९० च्या दशकाच्या शेवटी आलेला प्लेग आहे का, की साधी सुगी आहे, पोरं कापणीला गेलीत. शाळेत आलेली पहिली मुलगी कोण, तिनं कुठल्या इयत्तेत शाळा सोडली, तिच्यानंतर दुसरी यायला किती वर्षं गेली हे वेगळ्या वहीत लिहून काढा. जातीच्या रकान्यावरून कुठल्या घरांतली मुलं पहिल्यांदा अक्षर शिकली ते कळतं आणि माझ्या मते मिशन शाळेच्या इतिहासातली सगळ्यात मोठी गोष्ट तीच आहे, पण ती पानं जशीच्या तशी फेसबुकवर टाकू नका, त्या माणसांची नातवंडं गावातच राहतात. आधी त्यांना विचारा.

फोटो काढताना फ्लॅश नको, दारापाशी उजेडात पान सपाट ठेवून काढा. फाटलेल्या पानाला सेलोटेप लावू नका आणि कुणी कितीही सांगू दे, लॅमिनेशन अजिबात करू नका, कागद कायमचा जातो. फाइलला नाव देताना वर्ष आणि पान नंबर टाका, नाहीतर महिन्याभरानं मोबाइलमध्ये नुसते आयएमजी आयएमजी दिसतात आणि डोकं फिरतं.

तारखांची एक अडचण येते. जमिनीच्या जुन्या कागदांवर फसली सन म्हणजे महसुली वर्ष असतं, इसवी सन काढायला जून ते डिसेंबरच्या कागदाला त्यात ५९० मिळवा, जानेवारी ते मेच्या कागदाला ५९१. शके असेल तर साधारण ७८. मोडी अक्षर असेल तर अंदाजानं वाचू नका, कोल्हापूर-पुण्याकडं मोडी वाचणारे आहेत, त्यांना दाखवा.

गावाबाहेरचे कागद शोधायचे तर थोडी पार्श्वभूमी लागते. लंडन मिशनरी सोसायटीचे जोसेफ टेलर १८२० ला बेळगावात आले, पेशवाई बुडून दोनच वर्षं झालेली. त्यांच्यामागून विल्यम बेनन आले, ज्यांचं नाव बेननस्मिथ हायस्कूलच्या पाटीवर आजही आहे. १९०४ ला लंडनवाल्यांनी इथलं काम अमेरिकेच्या मेथॉडिस्ट चर्चकडं सोपवलं, म्हणून कागदही दोन देशांत फुटले. १९०४ च्या आधीची पत्रं लंडनला सोआस विद्यापीठाच्या लायब्ररीत, नंतरची अमेरिकेत न्यू जर्सीच्या ड्र्यू विद्यापीठातल्या मेथॉडिस्ट संग्रहात शोधायची. मेल करता येतो, फक्त गावाचं जुनं इंग्रजी स्पेलिंग तीन-चार प्रकारांनी द्या. शाळा कॅथलिक असेल तर वाट वेगळी, बेळगाव धर्मप्रांत १९५३ ला झाला, त्याआधीचा धागा गोव्याकडं आणि पुण्याकडं जातो.

सरकारी कागदांचंही तसंच. १ नोव्हेंबर १९५६ ला बेळगाव जिल्हा मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला आणि चंदगड तालुका तेवढा इकडून काढून मुंबई राज्यातच ठेवला, तो आज कोल्हापूर जिल्ह्यात आहे. म्हणून १९५६ च्या आधीची शाळाखात्याची दप्तरं मुंबईच्या पुराभिलेखागारात विचारा. १८८४ चं बेळगाव गॅझेटियर, म्हणजे मुंबई गॅझेटियरचा २१ वा खंड, नेटवर फुकट मिळतो, तो आधी वाचूनच बाहेर पडा.

मिशनची पत्रं वाचताना एक लक्षात ठेवा, ती पैसे पाठवणाऱ्यांसाठी लिहिलेली असतात. त्यांत गाव नुसतं घेणारं दिसतं. अमेरिकेतल्या क्रीक म्हणजे मस्कोगी आदिवासींच्या शाळांबद्दल वाचताना हे मला नीट कळलं. १८३० च्या दशकात अलाबामातून या लोकांना जबरदस्तीनं आजच्या ओक्लाहोमात हाकललं. तिथं १८४२ ला लॉफरिज नावाचा मिशनरी शाळा काढायला आला तेव्हा क्रीक पंचायतीनं शाळेला हो म्हटलं, पण प्रवचन शाळेच्या आवारातच करायचं अशी अट घातली. म्हणजे ठरवणारे ते होते. पुढं १८५० ला टल्लाहासी इथं मोठी निवासी शाळा सुरू झाली, १८८० च्या डिसेंबरात ती जळाली आणि नंतर ती जागा क्रीकांमधल्याच, पूर्वी गुलाम असलेल्या काळ्या लोकांच्या मुलांच्या शाळेसाठी दिली गेली. त्या एका जागेचा इतिहास लिहायचा तर दोन्ही समाजांच्या घरी जावं लागतं.

आपल्याकडंही हेच विचारायचं. जागा कुणी दिली, कुठल्या सर्व्हे नंबरातली, दान की खरेदी, त्या काळचा उतारा तहसीलदार कचेरीतून काढा. वासे-कौलं कुणी आणली, मास्तर कुणाच्या घरी जेवायचे, गावानं काय अट घातली होती, प्रार्थनेला सगळी पोरं बसायची का.

म्हाताऱ्या माणसांना 'आज्जी, शाळेचा इतिहास सांगा' असं विचारलं तर त्या 'मला काय कळतंय बाळ' म्हणून गप्प बसतात. त्यापेक्षा 'तुमच्या टायमाला शाळा कुठं भरायची, चर्चमध्ये की झाडाखाली? बिगरीत किती पोरी होत्या? फायनलच्या परीक्षेला कुठल्या गावाला चालत गेलासा?' असं विचारा, मग बघा कशा बोलतात. प्यायचं पाणी सगळ्यांना एकाच घागरीतलं होतं का, हा प्रश्न विचाराच, पण कट्ट्यावर चारचौघांत नको, घरी एकट्यानं. पाटील गल्लीत जेवढा वेळ बसाल तेवढाच वेळ चर्चजवळच्या घरांत आणि दलित वस्तीत बसा. दोघांनी एकच गोष्ट वेगवेगळी सांगितली तर दोन्ही छापा, खाली कुणी सांगितलं ते त्यांच्या परवानगीनं लिहा.

लिहायला बसलात की मोठा ग्रंथ करायचं डोक्यात घेऊ नका, चाळीस-पन्नास पानं भरपूर झाली. शिक्षकांची वर्षवार यादी, गावठाणाचा हातानं काढलेला नकाशा आणि शाळेची जागा, रजिस्टरवरून निघालेली माहिती, मग लोकांच्या आठवणी. मराठीत लिहा, आणि सुरुवातीचा सारांश कन्नडमध्ये पण द्या, त्या शाळेत शिकलेली कितीतरी घरं आज कन्नडच वाचतात. छापायच्या आधी कच्ची प्रत शाळेत आठवडाभर ठेवा, नावांच्या चुका लोक स्वतः येऊन दुरुस्त करतात, आडनावं तर नक्कीच. छापल्यावर एक प्रत शाळेत, एक ग्रामपंचायतीच्या वाचनालयात, एक चर्चमध्ये द्या, आणि सगळे फोटो पेन ड्राइव्हवर टाकून दोन वेगळ्या घरांत ठेवा.