त्रिएस्तेवर लिहायचं असेल तर आधी गोदामं बघा

इटलीच्या ईशान्य टोकाला, स्लोव्हेनियाच्या सीमेला खेटून, त्रिएस्ते नावाचं बंदर आहे. आपल्याकडच्या घरांत हे नाव पोचतं ते बहुधा भौतिकशास्त्रामुळे. अब्दुस सलाम यांनी १९६४ मध्ये तिथे सैद्धांतिक भौतिकशास्त्राचं आंतरराष्ट्रीय केंद्र उभं केलं आणि तेव्हापासून भारतातली मुलं तिकडे जात आली आहेत. माझी मुलगीही गेली. मुलांमागोमाग आईवडील भेटायला जातात, आणि परत आल्यावर त्यातल्या काहींना त्या शहराबद्दल लिहावंसं वाटतं. अशांसाठी हे लिहितो आहे. सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीच्या अडत दुकानावर दिवाणजी म्हणून माझी उमर गेली, त्यामुळे सूचना त्याच नजरेतून येतील.

त्रिएस्तेवरच्या लेखांत एक वाक्य हमखास सापडतं: शहर सुंदर आहे, पण उदास आहे. वाक्य खरं आहे. पण तिथेच थांबलं की वाचकाच्या हातात काही पडत नाही. उदास तर पावसाळ्यातलं कुठलंही स्टेशन दिसतं. त्रिएस्तेची उदासी एका ठरावीक कारणाने आली आहे: ज्या कामासाठी हे शहर बांधलं ते काम त्याच्याकडून निघून गेलं. म्हणून ‘उदास’ हा शब्द पहिल्या खर्ड्यात अजिबात वापरू नका. त्याऐवजी पेठेतला कुठलाही माणूस विचारेल तो प्रश्न विचारा. इथे माल कुठून यायचा, कुठे जायचा आणि कधी थांबला?

उत्तर जायच्या आधी घरी बसून वहीत लिहून काढा. व्हिएन्नाच्या हाब्सबुर्ग राजघराण्याच्या छत्राखाली हे गाव १३८२ मध्ये गेलं. १७१९ मध्ये सम्राट सहाव्या चार्ल्सने ते मुक्त बंदर जाहीर केलं, म्हणजे माल उतरवा, साठवा, पुढे पाठवा, जकात नाही. त्याच्या मुलीने, मारिया तेरेसाने, जुन्या गावाशेजारची मिठागरं बुजवून नवी पेठ वसवली आणि जहाजं थेट वखारींच्या दारात लागावीत म्हणून कालवा काढला. १८३१ मध्ये इथे जनराली ही विमा कंपनी निघाली, १८३६ मध्ये ऑस्ट्रियन लॉईडची आगबोट कंपनी निघाली, १८५७ मध्ये व्हिएन्नाहून रेल्वे आली. १८६९ मध्ये सुएझ कालवा उघडला आणि मुंबई जवळ आली. मग १९१८ मध्ये साम्राज्यच मोडलं. शहर इटलीकडे गेलं, आणि इटलीकडे जेनोआ, नेपल्स, व्हेनिस ही बंदरं आधीचीच होती. ज्या व्हिएन्ना, प्राग, बुडापेस्टच्या पेठांसाठी एवढी गोदामं बांधली, त्या पेठा एका रात्रीत परदेशात गेल्या. दुसऱ्या महायुद्धानंतर १९४७ ते १९५४ हा ‘मुक्त प्रदेश’ होता, शहरात ब्रिटिश आणि अमेरिकन लष्कराचा कारभार होता, आणि १९५४ मध्ये शहर पुन्हा इटलीकडे आलं. लेखात हे सगळं दहा-बारा ओळींच्या वर जाऊ देऊ नका.

यात आपला धागा कुठे लागतो तेही शोधा, मराठी वाचक तिथे सावरून बसतो. गोलमेज परिषदेहून परतताना गांधीजी २८ डिसेंबर १९३१ रोजी मुंबईत उतरले ते ‘पिल्सना’ जहाजातून, आणि ते जहाज त्रिएस्तेच्या लॉईडचं होतं. या कंपनीची कचेरी समुद्रासमोरच्या मुख्य चौकात होती. आता तिथे प्रांतिक सरकार बसतं.

विमानात बसण्यापूर्वी आणखी एक काम करा, आणि ते टाळू नका: आपल्या गावात जे काम थांबलं त्यावर एक पान लिहा. मी हरिपूरच्या पेवांवर लिहिलं. सांगलीपासून हाकेच्या अंतरावर, कृष्णा-वारणेच्या संगमावरच्या हरिपूरला हळद जमिनीखालच्या पेवांत साठवायची रीत होती. वर माणूस जेमतेम उतरेल एवढं तोंड, खाली घागरीसारखं पोट, आत शेकडो पोती. तिथल्या मातीत वर्षानुवर्षं हळदीला कीड लागत नसे. पेव उघडलं की लगेच आत उतरायचं नाही. हवा खेळू द्यायची, मग दोरीला कंदील बांधून खाली सोडायचा. तो विझला तर वर ओढून घ्यायचा आणि थांबायचं, तेवता राहिला तरच हमाल उतरायचा. खालून पिवळाधम्मक होऊन वर आलेल्या माणसाच्या पापण्यांवरसुद्धा हळद बसलेली असायची. २००५ च्या पुरात पेवांत पाणी शिरलं, माल सडला, आणि त्यानंतर पेठ गोदामांकडे वळली ती वळलीच. आता तिथे गेलात तर शेतवाडीत बुजलेली तोंडं दिसतात आणि कुणीतरी बोटाने दाखवतं, इथे अमक्यांचं होतं.

हे पान लिहिताना तुम्हाला आपोआप कळतं की काय बघायचं असतं: तोंड किती रुंद, दोरी कशाला, उतरायचा कोण, आणि थांबलं ते कोणत्या वर्षी. हीच नजर घेऊन त्रिएस्तेला जा.

व्हेनिसहून रेल्वेने साधारण दोन तास लागतात. उजव्या बाजूची खिडकी धरा. मोन्फाल्कोने हे स्टेशन गेल्यावर गाडी कार्स्टच्या चुनखडी पठाराच्या कडेने धावते आणि खाली एकदम समुद्र उघडतो. पुढे पाण्याच्या टोकावर मिरामारेचा पांढरा किल्ला दिसेल. तो बांधणारा माक्सिमिलियान मेक्सिकोचा सम्राट व्हायला गेला आणि १८६७ मध्ये तिथे गोळ्या घालून मारला गेला. किल्ला बघा, पण त्यावर लिहिण्यात पानं घालवू नका, ते सगळेच लिहितात.

स्टेशनला लागूनच जुनं बंदर आहे. माझ्या मते लेखाचा गाभा इथेच मिळतो, तेव्हा इथे सकाळ घालवा. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धातल्या चार-चार, पाच-पाच मजली वखारींच्या रांगा, बाहेरून बिडाचे खांब, खांबांवर सज्जे, जमिनीत गंजलेले रूळ. काही इमारती दुरुस्त करून संग्रहालयं केली आहेत, बऱ्याचशांच्या खिडक्या फुटक्या आहेत आणि भिंतीतून झाडं निघाली आहेत. फोटो काढून पुढे जाऊ नका. ओट्याजवळ उभे राहा. ओटा माझ्या कंबरेच्या वर येत होता, म्हणजे रेल्वेच्या वाघिणीच्या फळीशी जुळेल एवढा. पोतं खांद्यावर घेऊन वाकायला लागू नये म्हणून. आमच्या यार्डातले ओटे ट्रकच्या फाळक्याशी जुळवलेले असतात. ज्याने ही इमारत आखली त्याला हमालाच्या पाठीची माहिती होती, हे मला त्या ओट्यावरून कळलं, आणि माझ्या लेखाची सुरुवात तिथून झाली.

याच बंदरात आणखी एक गोष्ट ठेवलेली आहे आणि ती जपून लिहावी लागते. युद्धानंतर शेजारचा इस्त्रिया युगोस्लाव्हियाकडे गेला तेव्हा तिथले लाखो इटालियन लोक घरंदारं सोडून निघाले. बऱ्याच जणांनी सामान त्रिएस्तेच्या वखारीत ठेवलं आणि परत न्यायला कुणी आलं नाही. खुर्च्यांचे ढीग, कपाटं, शिवणयंत्रं, भांडी, फोटो, त्यावर नावं. आपल्याकडे कोयना धरणात गाव गेलेल्या कुटुंबांत ज्यांचं बसणं-उठणं आहे त्यांना याचं वजन सांगायला नको. पण एवढंच लिहून थांबलात तर लेख लंगडा होईल. याच शहरात १३ जुलै १९२० रोजी स्लोव्हेन लोकांचं ‘नारोद्नी दोम’ हे सांस्कृतिक भवन फॅसिस्टांनी जाळलं. पुढे स्लोव्हेन शाळा बंद केल्या, माणसांची आडनावं इटालियन करायला लावली. दोन्ही बाजूंच्या घरांतलं दुःख लिहा, कालक्रमाने लिहा, आणि कुणाचं मोठं हे ठरवायला बसू नका.

शहराच्या दक्षिण भागात रिझिएरा दी सान साब्बा आहे. १८९८ सालची भातगिरणी. १९४३ नंतर जर्मनांनी तिथे छावणी केली आणि माणसं मारून जाळण्यासाठी भट्टी बांधली. हजारो मारले गेले. जाताना त्यांनी भट्टी सुरुंगाने उडवली, अंगणात तिची जागा लोखंडी पत्र्याने आखून ठेवली आहे. इथे विशेषणं वापरू नका. गिरणी होती, साळ भरडली जायची, हे आधी सांगा आणि पुढचं सांगा.

हिवाळ्यात गेलात तर बोरा भेटेल. पठारावरून समुद्राकडे सुटणारा ईशान्येचा कोरडा गार वारा, ताशी शंभर किलोमीटरच्या पुढे सहज जातो. पूर्वी चढाच्या रस्त्यांवर धरून चालायला दोर बांधत. छत्री नेऊ नका. बोरा येऊन गेला की कचऱ्याच्या डब्यांत मोडक्या छत्र्या उलट्या खोचलेल्या दिसतात. कानटोपी न्या, आणि वाऱ्याच्या दिवशी समुद्रात दोनशेहून अधिक मीटर आत गेलेल्या मोलो औदाचे या धक्क्यावर जाऊ नका. शांत संध्याकाळी मात्र जरूर जा. गावातले लोक जेवणाआधी टोकापर्यंत चालत जातात आणि परततात, कठडा नाही, दुकान नाही. त्या धक्क्याला इटलीच्या नौदलाच्या ‘औदाचे’ जहाजाचं नाव आहे, ३ नोव्हेंबर १९१८ रोजी ते इथे लागलं आणि व्हिएन्नाचा जमाना संपला.

कॉफीबद्दल थोडक्यात. काउंटरवर ‘नेरो’ म्हटलं की काळी मिळते, ‘कापो’ म्हटलं की दुधाचा थेंब टाकलेली, ‘कापो इन बी’ म्हटलं की तीच काचेच्या छोट्या पेल्यात. इल्ली कंपनी १९३३ मध्ये इथेच निघाली आणि कॉफीची आयात आजही मोठी आहे. इटली हे भारतीय कॉफीचं सर्वांत मोठं गिऱ्हाईक आहे, तेव्हा तुमच्या पेल्यात कूर्ग-चिकमगळूरचा दाणा असण्याची शक्यता चांगलीच आहे. १९१४ च्या काफे सान मार्कोमध्ये एक कप घेऊन तासभर वही उघडून बसलात तरी कुणी उठवत नाही. टिपणं तिथे नीट करा.

स्मृतिलेखनाचा भाग, म्हणजे तुम्ही स्वतः किती यायचं हा प्रश्न. मी म्हणेन, तिथल्या माणसाला बोलतं करण्यापुरतं. मुलीच्या घरमालकीणबाईंचं एकेकाळी पोंते रोस्सो भागात कपड्यांचं दुकान होतं. १९७० च्या दशकात युगोस्लाव्हियातून बसच्या बस भरून लोक इथे जीन्स आणि कॉफी घ्यायला यायचे. मुलगी मधे बसून एकेक वाक्य सांगत होती, “बाबा, त्या म्हणतात, गिऱ्हाईक एकावर एक तीन पॅंटी चढवून जायचं, सीमेवर जकात लागू नये म्हणून.” बाई उठल्या आणि पाय ताठ ठेवून चालून दाखवलं, गुडघा वाकत नाही तसं. मग भाव कसा ठरायचा, उधारी असायची का, मापाशिवाय पॅंट कशी द्यायचे, हे मी विचारलं आणि त्या सांगत राहिल्या. १९९१ नंतर युगोस्लाव्हिया फुटला, युद्ध पेटलं, तो धंदाही आटला. दुसऱ्यांदा गिऱ्हाईक सीमेपलीकडे राहिलं. ही गोष्ट मला कुठल्याही वाटाड्याने सांगितली नसती. तुमच्या आवडीच्या कामातलं विचारा. शिक्षक असाल तर शाळेचं, शिवणकाम करत असाल तर कापडाचं.

खर्डा झाला की तो वाचून दाखवा, आणि समुद्र न पाहिलेल्या माणसाला दाखवा. मी यार्डात दुपारच्या वेळी हमालांना वाचून दाखवला. जुन्या बंदराचं ऐकून त्यांच्यातल्या एकाने विचारलं, “काका, एवढी गोदामं म्हंजे गडी किती असतील? आता त्या बंदरात काहीच उतरत न्हाई व्हय?” माझ्या खर्ड्यात याचं उत्तर नव्हतं. मुलीला फोन केला, वाचलं, आणि उत्तर मिळालं. उतरतं, आणि भरपूर उतरतं. टनात मोजलं तर त्रिएस्ते आजही इटलीतल्या सर्वांत मोठ्या बंदरांत आहे, कारण तिथे टॅंकरमधून कच्चं तेल येतं आणि १९६७ पासून आल्प्स ओलांडून नळीने ऑस्ट्रियात आणि जर्मनीतल्या इंगोलश्टाटपर्यंत जातं. व्हिएन्नाकडे माल पुन्हा चालू झाला आहे, फक्त त्याला पोतं नाही, ओटा नाही, हमाल नाही, मधे थांबून कॉफी पिणारा दलाल नाही. मी ती नळी लेखात मारिया तेरेसाच्या कालव्याच्या लगेच पुढे घातली आणि मुक्त बंदराच्या इतिहासातल्या चार ओळी काढून तिला जागा केली. तुमच्या लेखात ती कुठे बसेल ते तुम्ही ठरवा, पण तिच्याशिवाय लेख छापायला देऊ नका.