संयुक्त मोजणीच्या दिवशी घरी थांबा

धरणात गाव जाणार अशी नोटीस आली की सगळे दराचंच बोलतात. माझं सांगणं वेगळं आहे: सरकारी खाती एकत्र येऊन जमीन, घर, झाडं मोजतात त्या संयुक्त मोजणीच्या दिवशी कामधंदा सोडून घरी थांबा. पुढे काय मिळणार ते त्या दिवशीच्या कागदावर ठरतं. आमच्या मोजणीला वडील बाजाराला गेले होते. परड्यातले दोन फणस आणि गोठ्यामागची विहीर पंचनाम्यात आलीच नाही. पाणी चढलं तेव्हा आई त्या विहिरीच्या कठड्याकडे बघत बसली होती. कागदात तिथे नुसती पडीक जमीन होती.

म्हणून आदल्या रात्री सगळं वहीत उतरवा. आंबा, फणस, साग, प्रत्येकाचं वय आणि बुंध्याचा घेर. घर किती खणांचं, भिंत मातीची की विटांची, वर कौलं की पत्रा. मोजणीवाल्यांबरोबर बांधाबांधाने चाला. पंचनामा पुरता वाचल्याशिवाय सही करू नका. काही राहिलं तर सहीच्या वरच तसं लिहा, आणि दुसऱ्या दिवशी भूसंपादन अधिकाऱ्यांकडे लेखी अर्ज देऊन शिक्क्याची पोच घ्या. सात-बारा अजून आजोबांच्या नावावर असेल तर वारसनोंदीचा अर्ज मोजणीची वाट न बघता करा.

भूमिहीनांना ‘तुमचं काय जातंय?’ म्हणून परत पाठवतात. ऐकून घेऊ नका. २०१३ च्या भूसंपादन कायद्यात, ज्यांचं पोट मुख्यतः त्या जमिनीवर आहे असे तीन वर्षांपासूनचे मजूर आणि कुळंही बाधित कुटुंबात येतात. विधवा, घटस्फोटित, नवऱ्याने टाकलेली बाई, सज्ञान मुलगा, सज्ञान मुलगी ही स्वतंत्र कुटुंबं आहेत. दिराच्या घरात राहणारी वहिनी दिराच्याच नावाखाली जाते, हे मी फार पाहिलंय. संकलन यादीत, म्हणजे बाधित कुटुंबांच्या सरकारी यादीत, तिचं नाव वेगळं लागलंय का, ते स्वतः वाचून बघा.

नवं गावठाण आणि लाभक्षेत्रातली, म्हणजे धरणाचं पाणी मिळणाऱ्या भागातली, बदली जमीन मे महिन्यात एकदा आणि भर पावसात एकदा बघा. नळ दिसतो, पण तो उघडून पाणी येतं का ते बघायचं. शेतात कुदळ मारा, वितीवर मुरूम लागला तर तिथेच हरकत नोंदवा. ती जमीन अजून तिचा मूळ मालकच कसत असेल तर नुसत्या ताबापावतीवर सही करू नका, हद्दी मोजून मागा. सिंचन प्रकल्पात जमीन बुडण्याच्या सहा महिने आधी पुनर्वसन पूर्ण झालं पाहिजे, असं हाच कायदा सांगतो. प्रत्येक अर्जात हे वाक्य घाला.

निवाड्याची, म्हणजे अधिकाऱ्याने ठरवलेल्या मोबदल्याची, रक्कम कमी वाटली तरी पैसे घ्या, पण पावतीवर ‘हरकत राखून स्वीकारले’ असं स्वतःच्या हाताने लिहा. ते न लिहिता पैसे उचलले तर वाढीव मोबदल्यासाठी दाद मागता येत नाही. निवाड्याच्या वेळी तुम्ही हजर असाल तर दाद मागण्याच्या अर्जाला सहाच आठवडे मिळतात. तारीख भिंतीवरच्या कॅलेंडरवर गोल करून ठेवा.