स्वतःच्या ब्रँडची भांडी घाऊक बाजारात आणताय? या चुका टाळा

भाईंदर, राजकोट किंवा जगाधरीच्या कारखान्यातून माल बनवून घ्यायचा, त्यावर आपलं नाव घालायचं आणि दुकानदारांना पेट्यांनी विकायचा. स्वस्त पण ब्रँडेड भांड्यांचा धंदा बहुतेक जण असाच सुरू करतात. त्यात गैर काही नाही. गडबड होते ती ‘सॅम्पलसारखाच माल द्या’ या तीन शब्दांनी. सॅम्पल कारखान्याने जपून बनवलेलं असतं. पुढचे पाच हजार नग मात्र त्या दिवशी हाताशी असलेल्या पत्र्यातून निघतात. खाली दिलेल्या बहुतेक तक्रारींचं मूळ ऑर्डरमध्ये लिहायच्या राहून गेलेल्या एखाद्या ओळीत सापडतं.

गेज लिहिलं, मिलिमीटर लिहिले नाहीत

गेज म्हणजे पत्र्याच्या जाडीचा क्रमांक. ‘२४ गेज’ म्हटलं की पुस्तकी माप ०.५६ मि.मी. येतं, पण बाजारात त्याच नावाखाली ०.५० मि.मी.चा पत्राही खपतो. फरक ऐकायला किरकोळ वाटतो, म्हणून हिशेब करून बघा. पातेल्यासाठी ३०० मि.मी. व्यासाचं सर्कल, म्हणजे पत्र्याची गोल चकती, घेतलं, तर ०.५६ मि.मी. जाडीला त्याचं वजन सुमारे ३१३ ग्रॅम भरतं आणि ०.५० ला सुमारे २७९ ग्रॅम. एका नगामागे जवळपास ३४ ग्रॅम गेले, म्हणजे दहा हजार नगांत सव्वातीनशे किलोहून जास्त स्टील.

कारखाना किलोवर बिल करतो आणि तुम्ही नगावर विकता, ही खरी अडचण आहे. पत्रा जाड आला तर मार्जिन खातो. पातळ आला तर बिल कमी येतं आणि तुम्ही खूश होता, पण सहा महिन्यांनी चेपलेल्या काठाची पातेली परत यायला लागतात. म्हणून ऑर्डरमध्ये तीन गोष्टी हव्यात: पत्र्याची जाडी मि.मी.मध्ये, सर्कलचा व्यास आणि तयार नगाचं वजन, तेही तीन टक्के कमीजास्तच्या मर्यादेसह.

माल आला की वीस नग काढून एकेक करून तोला. वीसही नग एकदम काट्यावर ठेवले तर सरासरी बरोबर येते आणि हलके नग जड नगांमागे लपतात. जाडी तपासायची तर काठावर मोजू नका. प्रेसमध्ये भांडं ओढलं जातं तेव्हा पत्रा काठाकडे थोडा जाड होतो आणि तळ जिथे भिंतीत वळतो तिथे सर्वांत पातळ होतो. मूळ पत्र्याच्या जवळची जाडी तळाच्या मध्यभागी मिळते. तिथपर्यंत पोचणारा मायक्रोमीटर घ्या. वळणाशीही एक माप घ्या, कारण भांडं फाटतं ते तिथेच.

लोहचुंबकावर विसंबणं

चुंबक चिकटलं नाही म्हणजे ३०४ प्रतीचं स्टेनलेस स्टील, हा समज दुकानापासून गोदामापर्यंत पसरलेला आहे. ३०४ मध्ये साधारण १८ टक्के क्रोमियम आणि ८ टक्के निकेल असतं. जे-४ या दुसऱ्या प्रतीत निकेल जेमतेम एक टक्का आणि त्याची उणीव भरून काढायला मँगनीज भरपूर. चुंबक मात्र दोन्हींना चिकटत नाही. उलट खोल ओढलेल्या खऱ्या ३०४ च्या कोपऱ्याला ते हलकंसं चिकटू शकतं, आणि खरा माल खोटा ठरून परत जातो. गोदामात रसायनाचा थेंब आणि ९ व्होल्टच्या बॅटरीने करायची चाचणी पुरते: मँगनीज जास्त असेल तर थेंब लालसर होतो. मोठ्या लॉटसाठी प्रयोगशाळेचा अहवाल घ्या आणि त्यावर लॉट नंबर आहे ना, ते बघा.

जे-४ वापरणं हा गुन्हा नव्हे. कोरड्या धान्याच्या डब्याला ते चालतं. मीठ, लोणचं, चिंचेचं सार यांसाठी मात्र नाही, आणि कोकणपट्टीच्या दमट हवेत तर नाहीच. चूक होते ती जे-४ च्या मालावर ‘३०४’ छापण्यात.

याच स्टीलचा आणखी एक दोष नवख्यांना चक्रावून टाकतो. तपासून घेतलेले उंच डबे गोदामात कुणी हात न लावता उभे फाटतात, काठापासून खाली, कधी काही तासांत तर कधी काही दिवसांनी. वाहतूकदाराला दोष देऊन उपयोग नाही. कमी निकेलचा पत्रा जास्त ओढला की त्यात ताण अडकून राहतो आणि तो उशिरा मोकळा होतो. सर्कलचा व्यास डब्याच्या व्यासाच्या १.८ पटीच्या पुढे जात असेल तर एका दमात ओढू नका. दोन टप्पे करा आणि मधे सुमारे १,०५० अंश सेल्सिअसवर तापवून झटकन थंड करायला सांगा. भट्टीचा खर्च वाचवायचा असेल तर निकेल जास्त असलेला पत्रा घ्या. उंच डब्यांचा नवा लॉट आठवडाभर गोदामात ठेवून मगच पाठवावा, हा नियम आमच्या मते जाचक असला तरी स्वस्त पडतो.

झाकण आणि तळ

डब्यांच्या सेटमध्ये सर्वाधिक तक्रारी झाकणाच्या. डबा एका लॉटचा आणि झाकणं दुसऱ्या लॉटची, हे नेहमीचं कारण. दुसरं कारण म्हणजे डब्याचं तोंड नीट गोल नसणं. एकमेकांशी काटकोनात दोन व्यास मोजा. अर्ध्या मि.मी.हून जास्त फरक असेल तर झाकण एका बाजूला अडकतं आणि दुसऱ्या बाजूला सैल राहतं. सोपी तपासणी अशी: त्याच मापाचे दहा डबे घ्या आणि दहाही झाकणं प्रत्येक डब्यावर फिरवून लावा.

इंडक्शनसाठी नुसतं ३०४ चालत नाही. तळाला ४३० सारख्या, चुंबकाला चिकटणाऱ्या स्टीलची चकती हवी. तळ थंड असताना पट्टी लावून बघा. मध्यभागी किंचित आत गेलेला तळ चांगला. तापल्यावर तो बाहेर येऊन सपाट बसतो. आधीच बाहेर फुगलेला असेल तर भांडं शेगडीच्या काचेवर भोवऱ्यासारखं फिरतं.

नाव कोरताना

लेसरची शक्ती जास्त आणि वेग कमी ठेवला की अक्षरं छान काळी उठतात, पण स्टीलला गंजापासून जपणारा क्रोमियमचा पातळ थर तिथे जळतो. मग गंज नेमका तुमच्या ब्रँडच्या नावातच धरतो, याहून वाईट जाहिरात नाही. पाच टक्के मिठाच्या पाण्यात भिजवलेलं फडकं नावावर चोवीस तास गुंडाळून ठेवा. अक्षरांत तपकिरी रंग दिसला तर शक्ती कमी करा, वेग वाढवा किंवा कोरून झाल्यावर सायट्रिक आम्लाने धुऊन घ्या.

नाव कुठे असावं, याचाही विचार करा. आपल्याकडे भांडं घेतलं की त्यावर घरचं नाव घालून घेतात, रुखवताचं किंवा आहेराचं असेल तर हमखास. ब्रँडने अर्धी बाजू व्यापली तर ते नाव कुठे घालायचं? लोगो तळाला किंवा काठाखाली लहान ठेवा. आणि किमतीचं लेबल सहज निघणाऱ्या गोंदाचं घ्या. नव्या भांड्याला पहिली शिवी स्टिकरच्या चिकट्यावरूनच मिळते.

कागदपत्रं

ट्रेडमार्कसाठी बहुतेक जण फक्त वर्ग २१ मध्ये, म्हणजे घरगुती भांड्यांच्या वर्गात, अर्ज करतात. चमचे, काटे आणि सुऱ्या वर्ग ८ मध्ये येतात, विजेवर चालणारी स्वयंपाकाची उपकरणं वर्ग ११ मध्ये. नोंदणी होईपर्यंत नावाशेजारी टीएम (ट्रेडमार्क) लिहा. वर्तुळातलं आर चिन्ह त्याआधी छापणं हा १९९९ च्या कायद्यानुसार गुन्हा आहे. नव्या घाटाची डिझाइन नोंदणी करायची असेल तर अर्ज आधी, कॅटलॉग नंतर. व्हॉट्सॲपवर दुकानदारांना फोटो गेले की डिझाइन ‘नवं’ राहत नाही.

स्टील आणि ॲल्युमिनियमच्या भांड्यांसाठी आयएसआय चिन्हाच्या सक्तीचा आदेश केंद्राने १४ मार्च २०२४ रोजी काढला. मानकं अनुक्रमे आयएस १४७५६ आणि आयएस १६६०. प्रेशर कुकरची सक्ती त्याआधीची, आयएस २३४७ नुसार. परवाना कारखान्याला मिळतो, ब्रँडच्या मालकाला नाही. त्यामुळे कारखान्याकडे परवाना आहे का, त्यात हा प्रकार आणि हे माप येतं का, आणि तुमचं ब्रँडनाव त्याने मानक ब्युरोकडे कळवलंय का, हे तिन्ही तपासा. कारखाना बदलला की पेटीवरचा परवाना क्रमांकही बदलतो. जुनी छापील खोकी संपवण्याचा मोह इथे महागात पडतो.

सणाच्या गिफ्ट सेटमध्ये आणखी एक खाच आहे. वेगवेगळ्या करदराच्या वस्तू एकाच किमतीत बांधल्या आणि त्या स्वाभाविकपणे एकत्र विकल्या जात नसतील, तर पूर्ण सेटला सर्वांत जास्त दराचा जीएसटी लागतो. स्टीलच्या डब्यासोबत प्लास्टिकची बाटली घालण्याआधी हा हिशेब मांडा.

माप, हंगाम, पेटी

पाच मापांचे डबे सारख्याच संख्येने मागवले की मधली मापं आधी संपतात आणि सर्वांत मोठं व सर्वांत लहान माप गोदामात साचतं. पहिल्या दोन ऑर्डरींचा खप मापवार लिहून तिसरी ऑर्डर त्या प्रमाणात द्या. ‘५ लिटर’ छापताना भांडं काठोकाठ भरून नव्हे, वापरता येईल तिथपर्यंत पाणी भरून तोला. एक लिटर पाणी म्हणजे एक किलो.

संक्रांतीपासून रथसप्तमीपर्यंत हळदीकुंकवाच्या वाणासाठी वाट्या, छोटे डबे आणि चमचे डझनांनी जातात. हा माल डिसेंबरच्या सुरुवातीला दुकानात लागतो. दिवाळी आणि छठला कारखान्यातले बरेच कारागीर गावी जातात आणि प्रेस थंडावतात, म्हणून वाणाची ऑर्डर दिवाळीनंतर देणाऱ्याला जानेवारीच्या अखेरीस माल मिळतो, म्हणजे पुढच्या वर्षासाठी.

पेटी पाच पदरी पुठ्ठ्याची घ्या आणि भरलेलं वजन वीस किलोच्या आत ठेवा, नाहीतर हमाल ती टाकतोच. प्रत्येक नग पूर्ण कोरडा करून वेगळ्या पिशवीत घाला. ओलसर भांडं बंद पिशवीत गेलं तर पावसाळ्यात डाग आतूनच धरतो. पेटीवर आणि नगाच्या लेबलवर लॉट नंबर छापा. परत आलेला एक फाटका डबा बघून बाकीचे नेमके कोणत्या दुकानांत गेलेत, हे त्यावरून दहा मिनिटांत काढता येतं.