गवयावर माहितीपट करताना: आधी सूर, मग चित्र

कॅमेरा काढण्याआधी दोन-तीन रियाज नुसते ऐकायला बसा. गवईबुवांची पट्टी (गाण्याचा आधारस्वर) कोणती, तंबोऱ्याची पहिली तार पंचमाला लावतात की मध्यमाला, विलंबित म्हणजे संथ लयीतलं गाणं किती वेळ चालतं, हे वहीत टिपा. पुढचं सगळं त्यावर ठरतं.

चित्रीकरण नोव्हेंबर ते फेब्रुवारीत ठेवा. बेळगाव-खानापूरकडे पावसाळ्यात कौलांवरचा आवाज खर्जातली, म्हणजे खालच्या सुरांतली आलापी गिळून टाकतो. दमट हवेत तबला उतरतो, तंबोरा पुन्हा पुन्हा मिळवावा लागतो. खोलीत सतरंज्या अंथरा, भिंतींना रजया लावा, नाहीतर आवाज घुमतो. पंखा आणि फ्रीज बंद. फ्रीज पुन्हा चालू करायचा विसरू नये म्हणून गाडीची किल्ली त्यातच ठेवा.

आवाज ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर घ्या. गायकाला एक माइक, तोंडापासून वीत-दीड वीत, जरा बाजूला, तबल्याला वेगळा. पातळी ठरवताना बुवांना तारसप्तकातली तान घ्यायला सांगा आणि तेव्हा आवाजाच्या मीटरचा काटा उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील असं बघा. आलापावर पातळी लावली की तानेला आवाज फाटतो, आणि फाटलेला आवाज पुढे सुधारत नाही. गाणं संपल्यावर तंबोरा न हलवता पाच मिनिटं नुसता तंबोरा रेकॉर्ड करा. संकलनातले सांधे त्यानेच झाकतात.

सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद. आपली वीज ५० हर्ट्झची, शटर जुळलं नाही तर दिवे लुकलुकतात. बरेच जुने कॅमेरे २९ मिनिटं ५९ सेकंदांनी आपोआप थांबतात, ख्याल थांबत नाही. म्हणून दोन कॅमेरे दहा मिनिटांच्या अंतराने सुरू करा. गवई आणि तबलजी एकमेकांकडे बघतात, त्यांच्या मधे मात्र कॅमेरा कधीही ठेवू नका. समेची, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेची, देवाणघेवाण त्या नजरेतच होते.

खरी कसोटी संकलनात. अतिविलंबित एकतालाचं एक आवर्तन, म्हणजे तालाचा एक पूर्ण फेरा, मिनिटभराचंही असतं. कापायचं तर समेपासून समेपर्यंत, अख्खं आवर्तन. सुरुवातीचं आवर्तन शेवटच्याला जोडलं की हिसका बसतो, कारण मधल्या काळात लय चढलेली असते; रागाची बढत, म्हणजे सुरासुराने होणारा विस्तार, तीही तुटते. एक सलग दहा मिनिटांचा तुकडा ठेवा, पाच वेगवेगळ्या झलका नकोत.

मुलाखत बुवांना सोयीच्या भाषेत घ्या, तळाशी मराठी आणि कन्नड ओळी द्या. कुमार गंधर्व १९२४ साली इथल्याच, बेळगावजवळच्या सुळेभावीत जन्मले आणि मुंबईत संगीतशिक्षक बी. आर. देवधरांकडे शिकले. मल्लिकार्जुन मन्सूर धारवाडजवळचे, त्यांची तालीम जयपूर घराण्याच्या अल्लादियाखाँच्या मुलांकडची. या भागातलं गाणं दोन्ही भाषांत वाढलंय, एकच भाषा ठेवली तर अर्धं घर बाहेर राहतं.

लेखी परवानगी चित्रीकरणाआधीच घ्या, साथीदारांचीही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलाकाराला सादरीकरणावर स्वतंत्र हक्क आहे. आकाशवाणीचं जुनं ध्वनिमुद्रण वापरायचं तर तिची परवानगी वेगळी. कच्चा कट बुवांना चांगल्या हेडफोनवर ऐकवा. एखादा सूर लागला नाही असं ते म्हणाले, तर तो तुकडा काढा.